सोफ्याआधीचे मांजर

धागा : पाळीव मांजर सोफ्यावर नखे का परजते? आणि हाच प्रश्न शंभर वर्षांपूर्वी परळी वैजनाथच्या एखाद्या घरात कोणाला का पडला नसता?

प्रश्न किरकोळ वाटेल. लढाया, तह आणि वंशावळी यांच्या इतिहासात मांजराच्या नखांना जागा कुठली? परंतु मोठ्या शहरांच्या, आणि आता तालुक्याच्या गावांच्याही सदनिकांत याच प्रश्नावरून मांजराला मार बसतो. ते रात्रभर गॅलरीत कोंडले जाते, कधी पोत्यात घालून गावाबाहेर सोडले जाते. मांजर गुन्हेगार आहे हे गृहीत धरूनच हे सारे घडते. या धाग्याचे म्हणणे एवढेच की मांजर सहस्रावधी वर्षे जे करत आले तेच करत आहे. बदलले ते घर.

म्हणून आधी घर पाहू.

परळी हे बालाघाटाच्या रांगेला लागून वसलेले गाव. वैद्यनाथाचे मंदिर, त्याच्या दगडी पायऱ्या आणि अहिल्याबाई होळकरांनी केलेला जीर्णोद्धार यांमुळे ते महाराष्ट्राला परिचित आहे. (ज्योतिर्लिंग परळीचे की झारखंडातील देवघरचे, हा वाद जुना आहे. त्याला स्वतंत्र धागा लागेल.) सप्टेंबर १९४८ पर्यंत हा मुलूख निजामाच्या हैदराबाद संस्थानात होता.

या मुलखातील जुने घर म्हणजे माळवद. दगडमातीच्या रुंद भिंती, आत लाकडी खांब, खांबांवर तुळया, तुळयांवर लाकडांची दाट मांडणी आणि सर्वांवर पांढऱ्या मातीचा जाड थर. घराचा मोठेपणा चौरस फुटांत नव्हे, खणांत मोजला जाई. दोन खांबांमधला तो खण. म्हणजे घराचे मापच मुळी खांबांनी ठरत असे. हे खांब लक्षात ठेवावेत, पुढे त्यांचे काम आहे.

या घरात आजच्या अर्थाने फर्निचर जवळजवळ नव्हते. निजायला वाकळ आणि घोंगडी, बसायला पोते किंवा सतरंजी, म्हाताऱ्या माणसांना आणि बाळंतिणीला बाज. सधन वाड्यात बैठक असे : गादी, वर पांढरी चादर, पाठीला लोड आणि तक्क्या. उरलेली जागा धान्याची. भिंतीलगत बांधलेले बळद, शेणामातीने लिंपलेली कणगी, जमिनीच्या पोटातले पेव. ज्वारीच्या या मुलखात घरातला खरा ऐवज बसण्याच्या वस्तूंत नव्हता, तो बळदात होता.

आता या घरात एक मांजर सोडून पाहावे. नखे परजायला त्याला काय काय मिळते? मापामापाने उभे असलेले लाकडी खांब. उंबरा. सुतळीने किंवा अंबाडीच्या दोरीने विणलेली बाज. तागाची पोती. परसात बाभळीचे खरबरीत खोड. मांजराला हवे ते सर्व, आणि त्यातील एकही वस्तू अशी नाही की जिच्यावरच्या ओरखड्याने घरधन्याची झोप उडावी. खांबाला कुऱ्हाडीचा घाव बसला तर तो दिसे. मांजराच्या नखांची रेघ कोण मोजणार?

घराच्या या रिकामेपणाची साक्ष भाषाही देते. ‘खुर्ची’ अरबी ‘कुर्सी’वरून आली. ‘मेज’ आणि ‘तक्क्या’ फारसीतून आले. ‘अलमारी’ पोर्तुगीजांकडची. ‘टेबल’ इंग्रजी. ‘सोफा’ मराठीत आला इंग्रजीतून, पण त्याचे मूळ अरबी ‘सुफ्फा’ या शब्दात, म्हणजे बसण्यासाठी केलेल्या उंच ओट्यात सापडते. आणि या सर्वांना एकत्र बांधणारा ‘फर्निचर’ हा शब्दही उसनाच. ‘बाज’, ‘पाट’, ‘चौरंग’, ‘घडवंची’ हे आपले जुने शब्द पाहिले तर सर्व वस्तू लाकडाच्या, उचलून बाजूला ठेवता येणाऱ्या, आणि बहुतेक कापड न चढवलेल्या. ज्या सोप्यात घोंगडी अंथरली जाई तिथे सोफा येऊन बसला, ही मध्यमवर्गीय घरांची अलीकडची कहाणी आहे. परळीत औष्णिक वीज केंद्र १९७१ मध्ये सुरू झाले. महिन्याच्या पगारावर चालणारी, स्लॅबची आणि दिवाणखान्याची घरे या भागात वाढली ती साधारण त्यानंतरच्या दशकांत.

मांजराच्या नावाकडेही जाता जाता पाहावे. ‘मांजर’ हा शब्द संस्कृत ‘मार्जार’वरून आला, आणि त्याचा संबंध ‘मृज्’ म्हणजे पुसणे, स्वच्छ करणे या धातूशी जोडला जातो. सतत स्वतःला चाटून पुसून ठेवणारा प्राणी, ही त्याची ओळख. नाव ठेवणाऱ्यांना त्याच्या स्वच्छतेचे कौतुक वाटले. ओरखड्यांची तक्रार नावात उतरलेली नाही.

नखांचा विचार मात्र नीट करायला हवा, कारण गैरसमजाचे मूळ तिथे आहे.

मराठीत ‘बोचकारणे’ आणि ‘नखे परजणे’ या दोन वेगळ्या क्रिया आहेत. बोचकारणे म्हणजे हल्ला किंवा बचाव. परजणे हा शब्द शस्त्राचा : तलवार परजावी, तशी नखे परजावीत. सोफ्यावर होते ती दुसरी क्रिया. मांजराच्या नखावर थरावर थर चढत असतात. बाहेरचा जुना थर सैल झाला की खरबरीत पृष्ठभागावर ओढून ते तो उतरवते. खाली नवे, धारदार नख तयार असते. खांबाशी पडलेली चंद्रकोरीसारखी पापुद्रे म्हणजे गळलेली नखे नव्हेत, ती नखांची टरफले.

दुसरे कारण अंग ताणण्याचे. झोपेतून उठलेले मांजर पुढचे पाय उंच टेकवून पाठ, खांदे आणि पंजे एकदम ताणते. तिसरे कारण सर्वांत कमी ओळखीचे. मांजराच्या तळव्यांत गंधग्रंथी असतात. ओरखडा ही दिसणारी खूण, आणि तिच्यात मिसळलेला गंध ही वास घेता येणारी खूण. दोन्ही मिळून इतर मांजरांना कळते की या जागेला मालक आहे. म्हणूनच मांजर कपाटामागचा अंधारा कोपरा निवडत नाही. घराच्या मधोमध, ये-जा असते तिथे, सर्वांना दिसेल अशा जागी ते नखे चालवते. आजच्या घरात ती जागा सोफ्याची असते. माळवदात ती मधल्या खांबाची होती.

थोडक्यात, सोफा फाडणे हा मांजराचा हेतू नसतो. त्याच्या दृष्टीने सोफा हा एक आडवा, मऊ आणि बरा खांब आहे.

हे नख मानवी घरात आले कसे? सायप्रस बेटावर सुमारे ९,५०० वर्षांपूर्वीच्या एका दफनात माणसाजवळच पुरलेले मांजर सापडले. त्या बेटावर मूळची मांजरे नव्हती. म्हणजे कोणीतरी ती नावेतून नेली होती. २००७ मध्ये प्रसिद्ध झालेल्या जनुकीय अभ्यासाने जगातील सर्व पाळीव मांजरांची मुळे पश्चिम आशियातील रानमांजराशी जोडली. शेती सुरू झाली, धान्य साठले, उंदीर आले, उंदरांमागून मांजर आले. कुत्र्याला माणसाने पाळले असे म्हणता येईल. मांजराच्या बाबतीत त्याने आपणहून मुक्काम ठोकला आणि माणसाने हरकत घेतली नाही, हे वर्णन अधिक खरे आहे.

आपल्या उपखंडातील एक पुरावा फारच लोभस आहे. सिंधमधील चन्हुदडो येथे १९३५-३६ मध्ये अर्नेस्ट मॅके यांनी उत्खनन केले. तिथे एक वीट मिळाली. ती ओली असताना तिच्यावरून आधी मांजर गेले, मागोमाग कुत्रा गेला. दोघांचे ठसे भाजून कायमचे झाले. साडेचार हजार वर्षांपूर्वीची एक धावपळ, अर्ध्या क्षणाची. मांजर चालताना नखे आत ओढून घेते, कुत्र्याला ते जमत नाही. हा भेद एरवी धुळीतही दिसतो.

राज्यसंस्थेने मांजराची दखल घेतली ती कौटिल्याच्या ‘अर्थशास्त्रा’त. तिथे उंदरांच्या उपद्रवावर उपाय म्हणून मांजरे आणि मुंगसे सोडावीत असे सांगितले आहे, आणि लगोलग त्यांना पकडणाऱ्याला किंवा मारणाऱ्याला बारा पणांचा दंड. राजवाड्यातही सापांच्या बंदोबस्तासाठी मांजर, मोर आणि मुंगूस मोकळे ठेवण्याची सूचना आहे. नखे असलेला हा प्राणी राज्याच्या लेखी एक उपयुक्त यंत्रणा होता. कोठाराच्या खांबावर तो काय करतो याची चिंता कौटिल्याला, ज्याला जगातील जवळजवळ प्रत्येक गोष्टीची चिंता होती, शिवलेली दिसत नाही.

धर्मशास्त्रही मांजराच्या बाजूने उभे राहते, पण ते वाचताना आवंढा अडकतो. मनुस्मृतीच्या अकराव्या अध्यायात मांजर, मुंगूस, बेडूक, कुत्रा, घुबड, कावळा यांना मारल्यास शूद्रहत्येचे प्रायश्चित्त सांगितले आहे. मांजराला संरक्षण मिळाले, हे या ओळीचे अर्धे वाचन. माणसांच्या एका मोठ्या समूहाच्या जिवाची किंमत बेडकाएवढी लावली गेली, हे उरलेले अर्धे. प्राण्यांचा इतिहास लिहिताना पहिले अर्धेच उचलण्याचा मोह होतो. तो टाळावा.

लोकसमजुतीत याच निषेधाने वेगळे रूप घेतले : मांजर मारले तर सोन्याचे मांजर करून दान द्यावे लागते, काशीला जावे लागते. सोने परवडणारे किती? म्हणजे व्यवहारात अर्थ एकच, मांजराला हात लावू नये. ही समजूत महाराष्ट्राच्या खेड्यापाड्यांत अजून जिवंत आहे.

कथांनी मात्र मांजराला क्षमा केली नाही. पंचतंत्रातील दधिकर्ण हे मांजर तपस्व्याचे सोंग घेऊन न्याय द्यायला बसते. आपल्याला ऐकू कमी येते असे सांगून ते ससा आणि कपिंजल पक्षी यांना जवळ बोलावते. ते पुरेसे जवळ येताच एकाला पंजाने धरते, दुसऱ्याला दातांनी. महाबलीपुरमच्या सातव्या शतकातील भव्य शिल्पपटावरही हात उंचावून तप करणारे मांजर आहे, आणि त्याच्या पायाशी उंदीर. आत ओढलेले नख हे या परंपरेत कपटाचे चिन्ह ठरले. खरे पाहता तो निव्वळ शरीररचनेचा भाग आहे. जमिनीवर घासून बोथट होऊ नये म्हणून धारदार हत्यार म्यानात राहते, एवढेच. पण प्रतिमा एकदा रुजली की पुसत नाही. आजही फाटलेल्या सोफ्याकडे पाहून ‘मुद्दाम केले’, ‘सूड उगवला’ असे म्हटले जाते, त्यामागे दधिकर्णाची सावली असावी.

मांजराच्या नखांवर महाराष्ट्रात खरोखर जीवनमरणाचा प्रश्न म्हणून चर्चा झाली ती प्लेगच्या काळात.

सप्टेंबर १८९६ मध्ये मुंबईच्या मांडवी भागात डॉ. अकासियो व्हिएगस यांनी प्लेग ओळखला. पुढच्या वर्षी पुण्यात काय झाले हे या धाग्याच्या वाचकांना सांगायला नको : मार्चमध्ये रुग्णांची सेवा करताना सावित्रीबाई फुले गेल्या, आणि २२ जून १८९७ रोजी रँडवर गोळ्या झाडल्या गेल्या. घराघरांत सोजीर शिरत होते, सामान जाळले जात होते, माणसे उचलून नेली जात होती. परंतु रोग पसरतो कसा, हे त्या वेळी शासनालाही ठाऊक नव्हते. १८९८ मध्ये कराचीत पॉल-लुई सिमाँ या फ्रेंच वैद्याने उंदराच्या पिसवेकडे बोट दाखवले. ते पटायला आणखी काही वर्षे जावी लागली.

उंदीर हा दुवा आहे हे एकदा मान्य झाल्यावर पुढचा विचार स्वाभाविक होता. वऱ्हाडात, अमरावती येथे सिव्हिल सर्जन असलेले लेफ्टनंट कर्नल अँड्र्यू बुकॅनन यांनी १९०८ च्या सुमारास वैद्यकीय नियतकालिकांतून एक मत आग्रहाने मांडले : ज्या गावांत घरोघर मांजरे आहेत तिथे प्लेग टिकत नाही, म्हणून मांजरे पाळा. जागोजागी विषारी गोळ्या पेरण्यापेक्षा आणि लोकांची घरे उकरण्यापेक्षा हा उपाय स्वस्त होता. शिवाय लोकांच्या श्रद्धेशी त्याचे वैर नव्हते. उंदीर मारायला विरोध करणाऱ्या घरातही मांजर मात्र चाले.

बुकॅनन यांचा निष्कर्ष आज तसाच्या तसा मान्य करता येत नाही. मांजरे जास्त असलेली गावे इतर कारणांनीही वाचलेली असू शकतात. आणि मांजराला स्वतःला प्लेग होतो, त्याच्यापासून माणसाला होऊ शकतो, हे आता सिद्ध आहे. तरीही या प्रकरणाचे महत्त्व कमी होत नाही. ज्या राजवटीने दहा वर्षांपूर्वी घरांत सैनिक घुसवले होते, तिचाच एक अधिकारी आता त्याच घरांत मांजर असावे असे म्हणत होता. नखांवर कोणाचा आक्षेप असण्याचा प्रश्नच नव्हता. नखांसाठीच तर मांजर हवे होते.

मग हेच नख दोष कधी ठरले? ही तारीख बऱ्यापैकी नेमकी सांगता येते, आणि ती भारतातील नाही.

जानेवारी १९४७. अमेरिकेतील मिशिगन राज्य. एका शेजारणीची मांजराच्या पेटीतली वाळू थंडीने गोठली, म्हणून तिने एडवर्ड लो या तरुणाकडे वाळू मागितली. त्याने तिला कारखान्यांत सांडलेले तेल शोषून घेण्यासाठी विकली जाणारी दाणेदार माती दिली. ती होती ‘फुलर्स अर्थ’, म्हणजे आपल्याकडे चेहऱ्याला लावतात त्या मुलतानी मातीच्याच जातीची. दुर्गंधी थांबली आणि एक नवा धंदा सुरू झाला. परिणाम धंद्यापेक्षा मोठा होता. तोवर मांजर कितीही लाडके असले तरी दिवसातून काही वेळा बाहेर जाणे त्याला भागच होते. आता ते आयुष्यभर चार भिंतींत राहू शकत होते. बाहेरचे झाड गेले, कुंपण गेले. उरला दिवाणखाना, आणि त्यातला कापड चढवलेला सोफा.

पाचच वर्षांनी, १९५२ मध्ये, अमेरिकेतील पशुवैद्यकांच्या नियतकालिकात मांजराची नखे शस्त्रक्रियेने कायमची काढण्याच्या पद्धतीवर टिपण आले. हा क्रम योगायोगाचा नाही. या शस्त्रक्रियेला ‘नखे काढणे’ म्हणतात, पण ते नाव फसवे आहे. मांजराचे नख बोटाच्या शेवटच्या हाडातून उगवते, म्हणून ते कायमचे घालवायचे तर ते हाडच कापावे लागते. माणसाच्या बाबतीत याची तुलना प्रत्येक बोटाचे शेवटचे पेर छाटण्याशी करता येईल. पुढची काही दशके अमेरिकेत हे सर्रास होत राहिले, सोफा वाचवण्यासाठी.

त्याच १९५२ साली भारतात रुक्मिणीदेवी अरुंडेल राज्यसभेवर नियुक्त झाल्या. प्राण्यांवरील क्रूरतेविरुद्ध त्यांनी खासगी विधेयक मांडले, आणि सरकार स्वतः कायदा करील या आश्वासनावर ते मागे घेतले. त्यातून १९६० चा प्राणी क्रूरता प्रतिबंधक कायदा आला. त्याच्या अकराव्या कलमात प्राण्याचे अंगच्छेदन हा क्रूरतेचा प्रकार म्हणून नोंदवलेला आहे. युरोपात १९८७ च्या करारात नखे काढण्याला थेट नाव घेऊन मनाई सुचवली गेली. अमेरिकेत वेस्ट हॉलिवूड या शहराने २००३ मध्ये बंदी घातली, आणि संपूर्ण राज्य म्हणून न्यूयॉर्कने, तेही २०१९ मध्ये. म्हणजे या बाबतीत आपला कायदा आधीचा आहे. अर्थात कायदा आधी असणे आणि पशुवैद्याच्या टेबलापाशी पाळकाने ‘कायमचे काढून टाकता येईल का?’ असे न विचारणे, यांत अंतर आहे.

शस्त्रक्रिया नको तर पर्याय शिकवण्याचा. आणि मांजराला शिकवता येत नाही, ही समजूत इतकी पक्की आहे की तिच्याविरुद्धचा पुरावा सव्वाशे वर्षे जुना असूनही ती हलत नाही.

गंमत अशी, की प्राणी कसे शिकतात याचा पहिला शिस्तशीर प्रयोग ज्यांवर झाला त्यांत मांजरे प्रमुख होती. १८९८ मध्ये कोलंबिया विद्यापीठात एडवर्ड थॉर्नडाइक या तेवीस-चोवीस वर्षांच्या विद्यार्थ्याने आपला प्रबंध सादर केला. त्याने लाकडी पट्ट्यांचे पिंजरे केले. आत भुकेले मांजर, बाहेर खाणे. एखादी कडी ओढली किंवा खटका दाबला की दार उघडे. पहिल्या खेपेस मांजर धडपडे, ओरबाडे, आणि योगायोगाने सुटे. पुढच्या खेपांत सुटायला लागणारा वेळ हळूहळू कमी होत जाई. कोणी दाखवून दिले नव्हते, कोणी मारले नव्हते. ज्या कृतीमागून सुख येते ती कृती पुन्हा होते, या सूत्राला पुढे ‘परिणामाचा नियम’ असे नाव मिळाले.

या नियमाचा दुसरा भाग असा होता की ज्या कृतीमागून त्रास येतो ती कृती सुटते. दोन्ही भाग सारखेच वजनदार मानले गेले. पण १९३० नंतरच्या प्रयोगांतून थॉर्नडाइकनेच दुसऱ्या भागाचे वजन कमी केले : बक्षीस सवय घट्ट करते, शिक्षा मात्र तिला तेवढी सैल करत नाही. शाळांमध्ये छडी सर्रास चालत असण्याच्या काळातले हे विधान आहे.

मांजराच्या बाबतीत शिक्षेचे अपयश समजायला सोपे आहे. नखे परजण्याची गरज शरीरातून येते, ती मारल्याने नाहीशी होत नाही. फटका बसतो तेव्हा मांजर तो सोफ्याशी जोडत नाही, मारणाऱ्या माणसाशी जोडते. परिणाम ठरलेला : माणूस खोलीत असताना सोफा सुरक्षित, तो बाहेर पडला की पुन्हा तेच. पाण्याचा फवारा मारण्याची हल्लीची टूमही याच जातीची. आणि भ्यालेले मांजर आपल्या मुलखावर अधिक खुणा करते, म्हणजे अधिक ओरखडे काढते.

मग सौम्य शिक्षण कशाला म्हणावे? त्याची सुरुवात मांजरापासून होत नाही, खांबापासून होते.

मांजराला उभा, न डगमगणारा, पूर्ण अंग ताणता येईल एवढा उंच आधार द्यायचा. तीन फूट तरी हवाच. दुकानांतील दीड फुटी, हलके खांब मांजराच्या पहिल्या झोक्याला कलंडतात, आणि एकदा कलंडलेल्या खांबाकडे ते परत फिरकत नाही. मग पाळक म्हणतो, ‘इतके पैसे घालून आणले, पण सोफाच आवडतो त्याला.’ खांब ठेवायचा तो अडगळीत नव्हे, जिथे ओरखडे आहेत तिथेच, सोफ्याच्या त्याच कोपऱ्याला चिकटून. दुसरा शक्यतो निजण्याच्या जागेजवळ, कारण उठल्याउठल्या नखे चालतात.

सोफ्याचा तो कोपरा काही आठवडे नखे अडकणार नाहीत अशा गुळगुळीत कापडाने किंवा प्लॅस्टिकने झाकायचा. मांजराने खांबाला पंजा लावला की त्याच क्षणी आवडता घास द्यायचा, पाच मिनिटांनी नव्हे. थॉर्नडाइकचे दार खटका दाबताच उघडत असे, हे विसरू नये. पंजे धरून खांबावर घासून दाखवणे मात्र टाळावे. पंजे धरलेले मांजराला आवडत नाही, आणि खांबाची आठवण त्या नावडीसकट राहते. सवय बसल्यावर खांब हवा तिथे सरकवावा, पण रोज चार बोटे, एकदम खोलीच्या दुसऱ्या टोकाला नव्हे. नखांची फक्त पारदर्शक टोके दोन-तीन आठवड्यांनी कापली तर ओरखडे उथळ होतात. आतला गुलाबी भाग जिवंत असतो, तिथवर कात्री जाता कामा नये. पिल्लू लहानपणीच आणले असेल तर हे सारे निम्म्या कष्टात होते.

आता राहिला प्रश्न खांबाला गुंडाळायचे काय. २०१६ मध्ये मांजरपाळकांचे एक मोठे आंतरराष्ट्रीय सर्वेक्षण प्रसिद्ध झाले. त्यात मांजरे सर्वाधिक वापरतात ते साहित्य म्हणून पुढे आली ती दोरी. बाजारातील बहुतेक खांबांवर ‘सिसल’ची दोरी असते, आणि ती परदेशी वस्तू म्हणून त्याच भावाने विकली जाते. सिसल म्हणजे घायपात. मूळ मेक्सिकोकडचे, पण बांधावर आणि रेल्वेच्या कडेला कुंपण म्हणून लावलेले ते काटेरी, तलवारीसारख्या पानांचे झाड महाराष्ट्रात सर्वांनी पाहिलेले आहे. त्याच्या पानांच्या धाग्यांपासून दोरखंड वळले जात.

लाकडाचा उभा खांब आणि त्यावर घट्ट वळलेली जाड दोरी. माळवदाचा खांब आणि बाजेची वीण यांची ही बेरीज दुकानात खोक्यात भरून मिळते. खोक्याची गरजही नाही. परळीच्या बाजारात सुतळी आणि सुंभ अजून वजनावर मिळतात, आणि जुने माळवद उतरवले की सागाचे खांब वखारीत विकायला येतात. तीन फुटांचा तुकडा, खाली रुंद फळी ठोकून घट्ट उभा केलेला, त्यावर खालपासून वरपर्यंत दोरी. वळसे एकमेकांना भिडलेले असावेत, मध्ये फट राहू नये, नाहीतर नख अडकते. दोरी झिजून केसाळ झाली की मांजराला ती अधिक आवडू लागते. म्हणून ती फाटली असे समजून लगेच बदलू नये.